पहिली मोहिनी, पहिली पार्वती

बारामतीचें नांव निघालें कीं मराठी वाचकाला प्रथम मोरोपंत आठवतात. अठराव्या शतकांत कऱ्हेच्या कांठच्या त्या गांवीं राहून पंतांनीं रामायण-महाभारतांतील कथा आर्यावृत्तांत बांधल्या, आणि कीर्तनकारांनीं त्या टाळ-मृदंगाच्या साथीनें खेडोपाडीं नेल्या. बारामती काय किंवा इंदापूर काय, पुणें जिल्ह्याच्या या पूर्वेकडील तालुक्यांत ज्याला अक्षरओळख नव्हती त्या शेतकऱ्यालाही द्रौपदी, सावित्री, तारामती या घरच्या लेकी-सुनांइतक्या परिचयाच्या होत्या. त्या त्याला कानांनीं माहीत होत्या. १९१३ सालीं याच कथांवर आपल्याकडे चित्रपट निघूं लागले, तेव्हां दादासाहेब फाळके यांना प्रेक्षकांस कथा समजावून सांगण्याची अडचण पडली नाहीं. अडचण पडली ती निराळीच. तारामती सर्वांना ठाऊक होती. परंतु पडद्यावर तारामती होणार कोण?

या प्रश्नाचें खरें उत्तर ज्या दोन स्त्रियांनीं प्रथम दिलें, त्यांचीं नांवें आज थोड्यांनाच ठाऊक आहेत. एक आई होती आणि दुसरी तिची मुलगी. आईचें नांव दुर्गाबाई कामत. मुलीचें नांव कमला. पुढें ती कमलाबाई गोखले या नांवानें ओळखली गेली. त्यांनीं काय केलें हें सांगण्यापूर्वीं तें करणें इतकें अवघड कां होतें, हें पाहिलें पाहिजे.

त्या काळची मराठी रंगभूमि स्त्रियांवांचून चालत होती. स्त्रीभूमिकांवांचून मात्र ती एक दिवसही चालली नसती. अण्णासाहेब किर्लोस्करांचें ‘संगीत शाकुंतल’ १८८० सालीं पुण्यास रंगभूमीवर आलें, आणि त्यानंतरच्या काळांत भाऊराव कोल्हटकरांच्या गळ्यानें शकुंतला व सुभद्रा घरोघरीं पोंचविल्या. त्यांच्यामागून बालगंधर्व आले. त्यांची लुगडें नेसण्याची आणि दागिने घालण्याची ढब घरंदाज स्त्रियाही उचलीत, असें वर्णन त्या पिढींतील लोक करीत. योगायोग असा कीं, ज्या १९१३ सालीं बालगंधर्वांची गंधर्व नाटक मंडळी स्थापन झाली, त्याच सालीं या दोघी मायलेकी कॅमेऱ्यासमोर उभ्या राहिल्या.

पुरुषांनीं स्त्रिया होण्याची ही चाल केवळ इकडचीच होती असें नव्हे. इंग्लंडांत शेक्सपीयरच्या काळीं ज्युलिएट आणि डेस्डिमोना मुलगेच होत असत. तेथील व्यावसायिक रंगभूमीवर स्त्रियांना पाऊल ठेवतां आलें तें १६६० मध्यें राजसत्ता परत आल्यानंतर. जपानांत तर काबुकी नाटकांतील स्त्रीवेषधारी नटांची परंपरा चित्रपटांतही शिरली व १९२० च्या सुमारापर्यंत टिकून राहिली. परंतु आपल्याकडे या चालीला जातीची आणि अब्रूची जी जोड होती ती अधिक कडक होती. नाचगाणें हा ज्या स्त्रियांचा पिढीजाद व्यवसाय, त्यांना गरतीच्या पंक्तीला स्थान नव्हतें. आणि गरतीला रंगभूमीवर स्थान नव्हतें. या दोहोंमध्यें समाजानें एक रेघ ओढून ठेविली होती. ती रेघ ओलांडणाऱ्या स्त्रीला पुन्हां अलीकडे येतां येत नसे.

फाळक्यांना ही रेघ फार लवकर भेटली. १९१२ सालीं विलायतेस जाऊन त्यांनीं कॅमेरा व इतर यंत्रसामग्री आणली आणि ‘राजा हरिश्चंद्र’ची तयारी दादरला सुरू केली. त्यांच्या पत्नी सरस्वतीबाई कच्च्या फिल्मच्या कडांना भोंकें पाडीत, रसायनांनीं ती धुण्याच्या कामांत हात देत आणि चित्रपटांत काम करणाऱ्या सगळ्या मंडळींचा स्वयंपाकही करीत. म्हणजे हिंदी चित्रपटाच्या जन्मकाळीं पडद्यामागें स्त्री उभी होतीच. पडद्यावर मात्र ती मिळेना. फाळक्यांनीं वर्तमानपत्रांत जाहिराती दिल्या. नाचगाण्याचा व्यवसाय करणाऱ्या स्त्रियांकडेही त्यांनीं शब्द टाकून पाहिला. पण त्यांनाही हें काम आपल्या प्रतिष्ठेला कमीपणा आणणारें वाटलें. अखेरीस ग्रँट रोडवरील एका खाणावळींत काम करणारे अण्णा साळुंके त्यांच्या दृष्टीस पडले. सडपातळ बांध्याचे आणि नाजूक हातांचे हे गृहस्थ पडद्यावरील पहिली तारामती झाले. ३ मे १९१३ रोजीं मुंबईच्या कॉरोनेशन चित्रपटगृहांत ‘राजा हरिश्चंद्र’ लोकांसमोर आला, आणि लोकांनीं तो डोक्यावर घेतला.

प्रेक्षकांची तक्रार नव्हती, तर फाळक्यांना तरी स्त्री-नटीची एवढी निकड कां वाटावी? याचें कारण कॅमेऱ्याच्या स्वभावांत आहे. नाटकगृहांत प्रेक्षक दूर बसलेला असतो. दिव्यांचा उजेड मंद, रंगभूषा गडद, आणि सर्वांत मोठा आधार म्हणजे गाणें. पहिली तान ऐकतांच समोरचा पुरुष आहे हें प्रेक्षक विसरून जातो, किंवा विसरण्यास राजी होतो. मूकपटांत तो गळाच नाहींसा होतो. उरतो तो केवळ चेहरा आणि देह, आणि तोही लख्ख सूर्यप्रकाशांत टिपलेला, पडद्यावर माणसाहून मोठा दिसणारा. रंगभूमीवर जो संकेत म्हणून खपून जातो, तो कॅमेरा खपवून घेत नाहीं. बालगंधर्वांचें सामर्थ्य ज्या स्वरांत होतें, तो स्वरच या नव्या कलेला त्या वेळीं मुका होता. म्हणून नाटकाला जी गोष्ट १९३० नंतर सुचली, ती चित्रपटाला १९१३ मध्येंच हवीशी वाटली.

दुर्गाबाई या ठिकाणीं कशा येऊन पोंचल्या, ही हकीकत कलेच्या आवडीपासून सुरू होत नाहीं. त्यांचे पति आनंद नानोसकर यांच्यापासून त्या १९०३ च्या सुमारास वेगळ्या झाल्या. पदरीं लहानगी कमला होती. त्या काळीं नवऱ्याचें घर सोडलेल्या स्त्रीला पोट भरण्याचे मार्ग किती होते? कोणाच्या घरीं धुणींभांडीं करावीं, किंवा ज्याचा उच्चारही घरांत होत नसे त्या व्यवसायांत शिरावें. दुर्गाबाईंनीं तिसरा मार्ग धरला. त्या फिरत्या नाटक मंडळींत नटी म्हणून दाखल झाल्या. त्या मार्गाची किंमतही त्यांना रोख मोजावी लागली. त्यांच्या समाजानें त्यांना वाळींत टाकलें. शाळेचें दार मुलीला बंद झालें, तें केवळ या बहिष्कारामुळें नव्हे. मंडळी आज या गांवीं तर पंधरा दिवसांनीं दुसऱ्या, तेथें शाळा कसली? दुर्गाबाईंनीं मुलीला मुक्कामावरच लिहावयास-वाचावयास शिकविलें. कमला वयाच्या चौथ्या वर्षापासून रंगभूमीवर उभी राहूं लागली.

नाटक मंडळीचें हें फिरतें जिणें आज कल्पनेनेंच समजावून घ्यावें लागतें. आगगाडीनें जेथपर्यंत जातां येईल तेथपर्यंत जावयाचें, पुढें बैलगाड्यांत पडदे, पेट्या आणि माणसें भरावयाचीं. गांवांत पोंचल्यावर मंडप उभारावयाचा, आणि खेळ चालला तर महिनाभर राहावयाचें, न चालला तर उधारी मागें ठेवून निघावयाचें. पुरुष नटांनाही हें जड जाई. एकट्या स्त्रीला, बरोबर मूल असतांना, आणि जिच्याकडे प्रत्येक गांव संशयानें पाहत असे तिला, तें किती जड गेलें असेल याचा अंदाज वाचकानेंच करावा.

‘राजा हरिश्चंद्र’च्या यशानंतर फाळक्यांनीं आपलें बिऱ्हाड व कारखाना नाशिकला हालविला आणि ‘मोहिनी भस्मासुर’ हा दुसरा पौराणिक चित्रपट हातीं घेतला. त्यांत मोहिनीची भूमिका कमलेला आणि पार्वतीची दुर्गाबाईंना मिळाली. कमला १९०० सालीं जन्मलेली. म्हणजे त्या वेळीं तिचें वय अवघें तेरा वर्षांचें होतें. हिंदी चित्रपटांत स्त्रीची भूमिका स्त्रीनेंच केल्याची ही पहिली वेळ. आई पहिली नायिका कीं मुलगी पहिली नायिका, असा वाद पुढें कोणी कोणी घातला आहे. त्याची गरज नाहीं. मुलीला घेऊन घराबाहेर पडण्याचें धैर्य आईनें दहा वर्षांपूर्वींच दाखविलें नसतें, तर नाशिकच्या त्या उन्हांत मोहिनीही उभी राहिली नसती.

येथें एक मौज लक्षांत घेण्याजोगी आहे. मोहिनीची कथा मुळांत पुरुषानें स्त्रीरूप घेतल्याची कथा आहे. शंकराकडून भस्मासुरानें वर मिळविला कीं, ज्याच्या मस्तकावर हात ठेवीन तो भस्म व्हावा. आणि तो हात तो शंकराच्याच मस्तकावर ठेवावयास निघाला. तेव्हां विष्णूनें मोहिनीचें रूप घेतलें. मोहिनी नाचूं लागली, भस्मासुर तिच्या प्रत्येक हावभावाची नक्कल करूं लागला. शेवटीं तिनें स्वतःच्या मस्तकावर हात ठेविला, त्यानेंही ठेविला आणि तो भस्म झाला. कोणा स्त्रीवेषधारी नटाला शोभावी अशी भूमिका असेल तर ती हीच. सत्यवचनी हरिश्चंद्राची राणी पुरुषानें केली, आणि पुरुषाचें सोंग असलेली मोहिनी मात्र खऱ्या मुलीनें केली. ही भूमिका शब्दांची नव्हती, नृत्याची आणि मुद्रेची होती. म्हणून मुक्या पडद्याला ती मानवली. चवथ्या वर्षापासून रंगभूमीवर वाढलेल्या मुलीला अंगविक्षेपानें बोलणें नवीन नव्हतें.

१९१४ सालीं फाळके पुन्हां विलायतेस गेले तेव्हां त्यांनीं ‘राजा हरिश्चंद्र’ व ‘सत्यवान सावित्री’ यांच्याबरोबर ‘मोहिनी भस्मासुर’ही नेला, आणि लंडनमधील जाणकारांनीं फाळक्यांच्या कामाची वाखाणणी केली. म्हणजे तेरा वर्षांची ही मराठी मुलगी ज्या समाजांत पंक्तीला चालत नव्हती, तिची छाया सातासमुद्रापलीकडील पडद्यावर नाचून आली. त्या काळीं चित्रपटांतील नटाला कोठेंच फारशी किंमत नव्हती, हेंही येथें सांगितलें पाहिजे. अमेरिकेंत १९१० च्या आधीं नटनटींचीं नांवें प्रसिद्ध करण्याची पद्धतच नव्हती. फ्लॉरेन्स लॉरेन्स हिला लोक कित्येक दिवस ‘बायोग्राफ कंपनीची मुलगी’ एवढेंच म्हणून ओळखीत.

पण एकदां उघडलेलें हें दार उघडें राहिलें नाहीं. मायलेकी नाटकाकडे परतल्या. त्यांचें पोट रंगभूमीवर होतें, आणि फाळक्यांना दुसऱ्या स्त्रिया सहजीं मिळणाऱ्या नव्हत्या. १९१७ च्या ‘लंकादहन’मध्यें पुन्हां अण्णा साळुंकेच सीता झाले, आणि रामही तेच झाले. एका घटनेनें रूढि मोडत नसते. ती मोडावयास त्या घटनेमागून दुसरी, तिसरी, दहावी घटना यावी लागते, आणि प्रत्येक घटनेला कोणातरी स्त्रीचा बळी द्यावा लागतो.

कमलाबाईंचें पुढील आयुष्य रंगभूमीवरच गेलें. चित्ताकर्षक नाटक मंडळींतील गायक नट रघुनाथराव गोखले यांच्याशीं त्यांचा विवाह झाला. परंतु त्यांच्या पंचविशीच्या सुमारासच रघुनाथराव वारले, आणि तीन मुलांच्या पालनाचा भार एकट्या कमलाबाईंवर पडला. आईच्या नशिबीं जें आलें होतें तेंच मुलीच्या नशिबीं आलें. फरक एवढाच कीं, मुलीच्या हातीं या वेळीं स्वतःचा धंदा होता. ज्या मंडळींत सर्व भूमिका स्त्रियाच करीत अशा मनोहर स्त्री संगीत मंडळींत त्यांनीं पुरुषभूमिकाही केल्या. पुरुषांनीं शालू नेसून टाळ्या घेतलेल्या त्याच रंगभूमीवर एका विधवा स्त्रीनें फेटा बांधून तलवार हातीं घ्यावी आणि त्यावर मुलांची पोटें भरावीं, हा काळानें केलेला न्याय म्हणावा लागेल.

दरम्यान चित्रपटाकडे स्त्रिया हळूहळू येऊं लागल्या होत्या. १९२० सालीं कोल्हापुरास बाबूराव पेंटर यांच्या महाराष्ट्र फिल्म कंपनीनें ‘सैरंध्री’ काढला. त्यांत गुलाबबाई व अनसूयाबाई यांनीं कामें केलीं. पडद्यावर त्यांना कमलादेवी व सुशीलादेवी अशीं नवीं नांवें देण्यांत आलीं. त्यानंतरच्या दहा वर्षांत मुंबई-कलकत्त्याच्या मूकपटांत ज्या नटी गाजल्या त्यांपैकीं पुष्कळजणी यहुदी किंवा अँग्लो-इंडियन घराण्यांतील होत्या. रूबी मायर्स यांनीं सुलोचना हें नांव घेतलें, तर रेनी स्मिथ या सीतादेवी झाल्या. हिंदु घरांनीं ज्या कामाला आपल्या मुली पाठविल्या नाहींत, तें काम या स्त्रियांनीं हिंदु नांवांखालीं केलें. मूकपट होता तोंवर हें निभावलें. १४ मार्च १९३१ रोजीं ‘आलम आरा’ बोलूं लागला आणि भाषेचा प्रश्न उभा राहिला. आतां नटीला शुद्ध बोलतां यावयास हवें होतें, गातां यावयास हवें होतें.

पुढच्याच सालीं, १९३२ मध्यें, प्रभात कंपनीनें व्ही. शांताराम यांच्या दिग्दर्शनाखालीं ‘अयोध्येचा राजा’ हा मराठी बोलपट काढला. कथा तीच हरिश्चंद्राची. तारामती मात्र झाल्या दुर्गा खोटे. मुंबईच्या सुखवस्तु व सुशिक्षित लाड घराण्यांत वाढलेली, सेंट झेवियर कॉलेजांत शिकलेली, दोन मुलांची आई पडद्यावर उभी राहिली, आणि ज्या समाजानें आदल्याच वर्षीं त्यांच्या पहिल्या चित्रपटावरून नाकें मुरडलीं होतीं, त्यानें आतां तिचें कौतुक केलें. अण्णा साळुंके यांच्या तारामतीपासून दुर्गा खोट्यांच्या तारामतीपर्यंत एकोणीस वर्षें लोटलीं. त्यानंतर वर्षभरांतच, १९३३ सालीं, नाट्यमन्वंतराच्या ‘आंधळ्यांची शाळा’ या नाटकांत स्त्रीभूमिका स्त्रियांनीं केल्या, आणि रंगभूमीनेंही तें मान्य केलें.

दुर्गा खोटे यांच्या धैर्याचा मान त्यांना मिळाला, तो योग्यच होता. परंतु त्या मानाची तुलना दुर्गाबाई कामत यांच्या वांट्याला आलेल्या वागणुकीशीं केली म्हणजे एक कडू गोष्ट ध्यानांत येते. समाज नवी चाल स्वीकारतो ती बहुधा वरच्या थरांतील कोणी तिला हात लावल्यावर. त्याआधीं तीच चाल ज्यांनीं भुकेपायीं धरलेली असते, त्यांच्या वांट्याला बोल येतो. एकीचें धाडस ठरतें आणि दुसरीची अगतिकता. वास्तविक दोघींनीं ओलांडलेली रेघ एकच असते.

कमलाबाईंना दीर्घ आयुष्य लाभलें. मूकपटानें सुरुवात करून त्यांनीं बोलपटांत व पुढें रंगीत चित्रपटांतही भूमिका केल्या. १९८० सालच्या ‘गहराई’ या हिंदी चित्रपटापर्यंत त्यांचें काम चालू होतें. त्यांच्या मुलांपैकीं लालजी व सूर्यकांत हे तबलावादक झाले, आणि चंद्रकांत गोखले मराठी रंगभूमीवरचे व पडद्यावरचे नामांकित नट झाले. चंद्रकांतांचे पुत्र विक्रम गोखले यांना ‘अनुमति’ या मराठी चित्रपटाबद्दल उत्कृष्ट अभिनेत्याचें राष्ट्रीय पारितोषिक विभागून मिळालें, तें २०१३ सालीं. पणजीनें व आजीनें कॅमेऱ्यासमोर उभें राहिल्याला त्या वर्षीं बरोबर शंभर वर्षें झालीं होतीं. १९९० नंतरच्या पहिल्या वर्षांत रीना मोहन यांनीं कमलाबाईंवर एक माहितीपट काढला. नव्वदीच्या घरांतील ती वृद्धा त्यांत आपल्या आयुष्याविषयीं मोकळेपणानें बोलते. तेरा वर्षांच्या मोहिनीला पडद्यावर आवाज नव्हता. तिचा आवाज जगानें ऐकला तो असा पाऊणशें वर्षांनंतर.

आणि ती मोहिनी? ती आज कोणालाच पाहतां येत नाहीं. ‘मोहिनी भस्मासुर’ची प्रत उपलब्ध नाहीं. त्या काळची फिल्म नायट्रेटची असे. ती चटकन पेट घेई; पेटली नाहीं तरी उष्ण आणि दमट हवेंत तिचा चिकट गोळा होई, आणि शेवटीं भुकटी. खेळ जुना झाला म्हणजे तींतील चांदी काढून घेण्यासाठींही रिळें मोडींत जात. हिंदुस्थानांत तेराशेंच्या आसपास मूकपट निघाले असावेत, त्यांपैकीं फारच थोडे हातीं लागले. पुण्यास राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय स्थापन झालें तें १९६४ सालीं. तोंवर पहिल्या पिढीचा बहुतेक ठेवा नाश पावला होता. ‘राजा हरिश्चंद्र’चे कांहीं भाग उरले, म्हणून साळुंक्यांची तारामती अजून दिसते. स्त्री म्हणून पडद्यावर प्रथम आलेली मोहिनी आणि तिच्याबरोबरची पार्वती मात्र दिसत नाहीं.

तरीही त्यांनीं केलेलें काम फिल्मबरोबर नाहींसें झालें असें म्हणतां येणार नाहीं. फाळक्यांच्या पुढील पिढींत फिरते सिनेमे तंबू घेऊन जत्रांना व आठवड्याच्या बाजारांना जाऊं लागले. बारामती-इंदापुरासारख्या तालुक्याच्या गांवांतील बायका पोरांना कडेवर घेऊन त्या तंबूंत, पुरुषांपासून वेगळ्या अशा आपल्या भागांत, जमिनीवर बसूं लागल्या. कीर्तनांत ऐकलेली सावित्री आणि सीता त्यांना आतां डोळ्यांनीं दिसे, आणि ती खरोखरीची बाई असे. त्यांत कांहीं विशेष आहे असें त्यांना वाटत नसे. जी गोष्ट एके काळीं एका आईला जातीबाहेर घालवून गेली, ती तिच्या नातवंडांच्या काळीं कोणाच्या लक्षांतही येऊं नये, यांतच दुर्गाबाईंच्या कष्टाचें चीज झालें आहे. मात्र तें चीज करून देणाऱ्यांचीं नांवें घरांतील मुलींना ठाऊक असावींत. त्यासाठीं फिल्म हवीच असें नाहीं. मोरोपंतांच्या कथा जशा तोंडोतोंडीं टिकल्या, तशी ही कथाही सांगून टिकवितां येईल.